मैत्रिणीचा पहिला चित्रपट, माझं पहिलं पार्श्वसंगीत : अंगावर घ्यावं का?

पतसंस्थेतली_पेटी

नमस्कार मंडळी. इतकी वर्षं इथे नुसतीच वाचते आहे, आज विचारायची वेळ आली.

मी लातूरला एका पतसंस्थेत कॅशियर आहे. संगीताचं रीतसर शिक्षण शून्य. घरात आजोबांची पेटी होती, त्यांच्यामागे भजनी मंडळात साथीला बसायचे. कॉलेजात असताना एका ऑर्केस्ट्रात कीबोर्ड वाजवला, लग्न होईपर्यंत गणपती-नवरात्रात सुपाऱ्या घेत होते. सगळं कानावर. सारेगम लिहिता-वाचता येतं, इंग्रजी नोटेशन अजिबात नाही. लॉकडाऊनमध्ये लॅपटॉपवर रीपर हे रेकॉर्डिंगचं सॉफ्टवेअर शिकले, तेव्हापासून रात्री भांडी आवरली की तास-दीड तास हेडफोन लावून बसते. ओळखीतल्या पोरांच्या शॉर्ट फिल्मना संगीत दिलंय, त्यातली एक पुण्यात एका महोत्सवात दाखवली गेली. तेवढीच कमाई.

आता माझी शाळेतली मैत्रीण स्वतःचा चित्रपट करते आहे. मुंबईत सहायक दिग्दर्शक म्हणून राबली आणि शेवटी गावाकडे येऊन शूटिंग केलं, औसा तालुक्यात. दीड तासाचा आहे, गाणी नाहीत. पैसे तिचे, तिच्या काकांचे आणि एका ओळखीच्या बांधकामवाल्याचे. ती म्हणते, बीजीएम, म्हणजे पार्श्वसंगीत, तूच कर, मला मुंबईचा माणूस नको.

मला करायचंय, खोटं कशाला बोलू. पण दीड तास म्हणजे खेळ नाही. शिक्षण नाही म्हणून कुठे अडेल ते कळत नाही. पैसे किती मागावेत, मैत्रिणीकडे मागावेत की नाही, तेही कळत नाही. आणि नवऱ्याने सहज विचारलं, "याच्यात पुढे काही आहे का, की हौस?" त्याला उत्तर देता आलं नाही. ज्यांनी न शिकता हे काम केलंय अशा कुणी सांगितलं तर बरं होईल.

यमन_कल्याण

ताई, स्पष्ट बोलतो, राग मानू नका. हल्ली लॅपटॉपवर चार व्हायोलिनचे आवाज टाकले की संगीतकार होता येतं असा समज झालाय. दोन वर्षं कुणाकडे तरी बसा. राग म्हणजे काय, हार्मनी म्हणजे काय, कळू द्या. शॉर्ट फिल्म पाच मिनिटांत संपते, त्यात झाकून जातं. दीड तास लोकांना बसवून ठेवायचं तर पोतडीत काहीतरी असावं लागतं. मैत्रिणीच्या पैशांवर शिकू नका, एवढंच.

काळी_चार

यमनराव, तुमचं निम्मं मान्य. पोतडीत काहीतरी हवंच. पण ते भजनी मंडळात आणि ऑर्केस्ट्रात भरलं जात नाही, असं तुम्हाला कुणी सांगितलं?

ताई, मी बार्शीचा. वडिलांचा मंडप-स्पीकरचा धंदा. माझी शाळा म्हणजे ॲम्प्लिफायर आणि लग्नातला बँड. पुढे पुण्यात नाटकांना साउंड ऑपरेट करायला लागलो, तिथून लॉ कॉलेज रोडवरच्या फिल्म इन्स्टिट्यूटच्या पोरांच्या नादी लागलो. त्यांच्या फिल्मना फुकट वाजवून द्यायचं, बदल्यात ती पोरं रात्री कँटीनबाहेर बसून मला कट म्हणजे काय ते समजावून सांगायची. अशी शिकवणी झाली. आज पोटापाण्याचं बघायचं तर ते जाहिराती आणि कंपन्यांच्या माहितीपटांवर चालतं, आणि वर्षाकाठी एखादा स्वतंत्र चित्रपट करतो. नोटेशन मलाही येत नाही.

नोटेशनचं आधी संपवून टाकू. हिंदीत मोठमोठ्या संगीतकारांच्या चाली कागदावर उतरवायला गोव्याचे अरेंजर होते. सॅबेस्टियन डिसूझा, अँथनी गोन्साल्विस ही नावं जुन्या वादकांना विचारा. चर्चच्या शाळांमधून नोटेशन शिकून आलेली माणसं. संगीतकार गुणगुणायचा, हे लिहायचे, आणि समोर बसलेले व्हायोलिनवाले वाचून वाजवायचे. म्हणजे काम वाटून घ्यायची पद्धत आपल्याकडे जुनीच आहे. तुम्हाला पंधरा व्हायोलिनं बसवायची असतील तेव्हा लिहिणारा माणूस दिवसाच्या पैशावर मिळतो. पहिल्या चित्रपटात पंधरा व्हायोलिनं तुम्हाला परवडणार नाहीत, हा भाग वेगळा.

आणि गंमत अशी की कायदासुद्धा तुमच्या बाजूने आहे. आपल्या कॉपीराइट कायद्यात संगीतकाराची व्याख्याच अशी केलेली आहे की संगीत रचतो तो संगीतकार, मग त्याने ते नोटेशनमध्ये लिहून ठेवलेलं असो वा नसो. १९९४ च्या दुरुस्तीत ती आली. तेव्हा "शिक्षण नाही" म्हणत स्वतःला कमी लेखणं आजपासून बंद.

मग न शिकलेला माणूस अडतो कुठे? माझ्या मते, संगीत येत नाही म्हणून तो क्वचित अडतो. तो अडतो ते संगीत जास्त येतं म्हणून. ऑर्केस्ट्रात वाजवणाऱ्याच्या हाताला मोकळी जागा दिसली की भरायची सवय असते. गायिकेने श्वास घेतला की कीबोर्डवाल्याने फिल्लर टाकायचाच. चित्रपटात नेमकी तीच सवय मोडावी लागते.

एक उदाहरण सांगतो. ऊसतोड कामगारांवरचा एक चित्रपट होता माझ्याकडे. त्यात एक सीन : पहाटे बाई ट्रॉली भरून कोपीवर, म्हणजे त्यांच्या झोपडीवर, परत येते, आत पोरगं जागंच आहे, नवरा बाहेर कोयत्याला धार लावतोय. दोन मिनिटांचा सीन, तिघांच्या मिळून चारच ओळी. एडिटरने त्यावर कुठल्यातरी परदेशी चित्रपटातली लांबच लांब व्हायोलिनं अंथरून ठेवली होती. ती मी आधी बंद केली आणि लोकेशनचा आवाज तेवढा ऐकला. दगडावर कोयता घासल्याचा आवाज. खर्र, खर्र, मध्ये थांबणं, पाणी मारणं, परत खर्र. त्याला स्वतःची लय होती, आणि बाईचं बोलणं बरोबर त्या थांबण्यात पडत होतं. आता त्याच्यावर व्हायोलिन टाकलं तर दोन्ही वरच्या पट्टीत, म्हणजे कोयताही गेला आणि संवादही. मी दिग्दर्शकाला म्हटलं, हा माणूस धार लावतोय तोवर संगीत तोच वाजवतोय. तो थांबला की आपण यायचं. शेवटची वीस सेकंदं, खालच्या सुरात तंबोऱ्यासारखा एकच आस, आणि त्यावर सुंदरीचे चारपाच सूर. झालं. त्या वीस सेकंदांवर लोक मला अजून काम देतात.

सुंदरी म्हणजे सोलापूरकडची, सनईची धाकटी बहीण, वीतभर लांबीची. वाजवायला एक वयस्कर वादक आले होते. कानाला हेडफोन लावून क्लिक दिली तर त्यांनी तो काढून बाजूला ठेवला. म्हणाले, "हे टकटक बंद करा आणि शिनेमात काय चाललंय ते दाखवा." लॅपटॉप त्यांच्याकडे फिरवला. बाई कोपीत वाकून शिरते ते बघून त्यांनी जो पहिला सूर लावला तोच चित्रपटात आहे. आता अडचण अशी की त्यांची सुंदरी पेटीच्या पांढरी सहाच्या जराशी वर बोलत होती, ना इकडे ना तिकडे. माझा खालचा आस कीबोर्डचा, बरोबर ४४० हर्ट्झच्या प्रमाण सुराला. अशा वेळी सॉफ्टवेअरने त्यांचा सूर ओढून सरळ करता येतो. करू नका. मी माझा आस त्यांच्या सुराला नेऊन लावला, आणि टेंपो मॅप, म्हणजे लयीचा आराखडाही, त्यांच्या वाजवण्यावरून आखला. माणसाचं आधी रेकॉर्ड करायचं आणि मशीन त्याच्यामागून न्यायचं. हे मला लग्नातल्या बँडने शिकवलं. तिथे नवरदेवाचा घोडा थांबला की सगळा बँड थांबतो, क्लिक कुठली?

आता पैसे. मैत्रीण असली तरी मागा, मैत्रीण आहे म्हणून तर आधी मागा. छोट्या निर्मात्यांची आवडती पद्धत म्हणजे पॅकेज : एकच आकडा, त्यातच तुमची फी, वादक, स्टुडिओ, मिक्सिंग, सगळं. मग होतं काय, चांगला वादक बोलावला की तो तुमच्याच खिशातून जातो, आणि संगीतकार नकळत स्वतःच्याच संगीताचा शत्रू होतो. त्यामुळे दोन आकडे करा. एक तुमची फी, ती मैत्रीखातर कितीही कमी करा. दुसरा रेकॉर्डिंगचा खर्च, तो बिलाप्रमाणे, त्यांनीच द्यायचा. तुमच्या चित्रपटात दोनतीन खरी वाद्यं असतील तर बाकीचं लॅपटॉपवरचं आपोआप खरं वाटायला लागतं. फुकटची सॅम्पल व्हायोलिनं मात्र जपून वापरा. तीच सगळ्यांकडे आहेत, आणि महोत्सवात ओळीने चार फिल्म बघितल्या की तोच आवाज चारदा ऐकू येतो.

फीचे टप्पे लिहून घ्या. काम सुरू करताना काही, संगीत दिग्दर्शकाने पास केल्यावर काही, आणि अंतिम फाइल देण्याआधी उरलेलं. "अनुदान आलं की देतो" हे वाक्य कानावर पडलं तर हसून विषय बदला. राज्य सरकारचं मराठी चित्रपटांना अनुदान आहे, पण चित्रपट आधी पूर्ण होऊन परीक्षणाला बसावा लागतो. त्या पैशांची वाट बघणाऱ्यांच्या रांगेत तुम्ही कॅमेरावाला, लॅब, पोस्टरवाला यांच्या मागे असता. माझे एका निर्मात्याकडचे पैसे असेच अनुदानाच्या भरवशावर राहिले ते राहिलेच.

नवऱ्याच्या प्रश्नाला उत्तर. पहिल्या चित्रपटात काही नाही. पुढे आहे का ते त्या चित्रपटाच्या यशावरही फारसं अवलंबून नाही. ते ठरतं तुमची मैत्रीण दुसरा चित्रपट करताना तुम्हाला फोन करते की नाही यावर. कार्टर बर्वेल नावाचा अमेरिकन संगीतकार आहे. संगीताचं औपचारिक शिक्षण जवळजवळ नाही. न्यू यॉर्कमध्ये बँडमध्ये वाजवायचा आणि नोकरी संगणकाची करायचा. एका साउंड एडिटरने त्याचं नाव कोएन बंधू या दिग्दर्शकांना सुचवलं. त्यांचाही पहिलाच चित्रपट, १९८४ चा, तुटपुंज्या पैशातला. दुसऱ्या चित्रपटालाही त्यांनी त्यालाच बोलावलं, आणि मग जवळपास प्रत्येक वेळी. ऑस्करचं पहिलं नामांकन मिळायला तीस वर्षं गेली, आणि तेही दुसऱ्याच दिग्दर्शकाच्या चित्रपटासाठी. त्या तीस वर्षांचा भार कशाने पेलला ते बघा. कोर्सचं सर्टिफिकेट तर नव्हतंच. दोन माणसांची सवय झाली होती एकमेकांना.

नोकरी सोडायचा विचार मनात असेल तर तो काढून टाका. आपल्याकडे आनंद मोडक होते. बँकेतली नोकरी सांभाळून प्रायोगिक नाटकाला आणि वेगळ्या वाटेच्या मराठी चित्रपटांना त्यांनी संगीत दिलं, सत्तरच्या दशकापासून पुढे कितीतरी वर्षं. बँकेचा पगार होता म्हणून त्यांना नको ते काम नाकारता आलं असेल, असं मला नेहमी वाटतं. पतसंस्थेची खुर्ची ही तुमची अडचण नाही, तुमचा निर्माता आहे.

मिक्सरचा_माणूस

काळी_चार यांनी मनातलं लिहिलं. मी टेबलाच्या दुसऱ्या बाजूला बसतो, री-रेकॉर्डिंगला. तुमचं संगीत, संवाद आणि बाकीचे आवाज माझ्याकडे एकत्र येतात आणि मग सगळे माझ्यावर चिडतात. त्यामुळे माझं रडगाणं तांत्रिक.

ताई, पिक्चर लॉक झाल्याशिवाय, म्हणजे सगळे कट पक्के झाल्याशिवाय, अंतिम संगीत बसवायला घेऊ नका. थीम करा, वादक ऐका, सुरावटी साठवा, पण कट बदलत असताना सेकंदाला सेकंद जुळवायच्या फंदात पडू नका. एडिटरला विचारा, चित्रपट सेकंदाला २४ फ्रेमवर आहे की २३.९७६ वर. ऐकायला चिल्लर फरक, पण तासाला साडेतीन सेकंदांनी सगळं सरकतं, आणि मग शेवटच्या रीलमध्ये रडायची सुरावट हसण्यावर येते. तुमचा रीपरचा प्रोजेक्ट ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट ठेवा. गाणी करणाऱ्यांची सवय ४४.१ ची असते. ४४.१ ची फाइल कुणी चुकून ४८ समजून वाजवली तर ती जवळजवळ दीड पट्टी वर जाते. सुंदरीवाल्या आजोबांना पत्ता लागला तर काठी घेऊन येतील.

फाइल एकच मिसळून देऊ नका. आस वेगळा, ताल वेगळा, मुख्य वाद्य वेगळं, बाकी भराव वेगळा, अशी स्टेम्स द्या. संवाद आला की मला फक्त मुख्य वाद्य दोन डेसिबल खाली घेता येतं, सगळं संगीत मारावं लागत नाही. रिव्हर्ब, म्हणजे घुमारा, शक्य तर वेगळ्या फाइलवर. प्रत्येक रीलच्या सुरुवातीला, चित्राच्या पहिल्या फ्रेमच्या बरोबर दोन सेकंद आधी, एका फ्रेमची बीप टाका. टू-पॉप म्हणतात त्याला. ती असली की मला तुम्हाला रात्री अकराला फोन करावा लागत नाही.

आणि लहान स्पीकरवर मिक्स करत असाल तर खालचे सूर वाढवायचा मोह आवरा. थिएटरमध्ये सबवूफर असतो. तुमच्या खोलीत जो आस "जरा कमी" वाटतो तो तिथे खुर्ची हलवतो. मिक्सला स्वतः या. लातूरहून पुण्या-मुंबईची रात्रीची गाडी आहेच. संगीतकार शेजारी बसला असला की मी जास्त जपून वागतो, हे कबूल करतो.

पतसंस्थेतली_पेटी

काय बोलू. दोघांचंही वाचून कालची रात्र झोप नाही, पण चांगल्या अर्थाने. यमन_कल्याण, तुमचाही राग नाही, राग यमन मी आजही पेटीवर चुकतमाकतच वाजवते.

दोन गोष्टी नव्याने समोर आल्या. एक, मैत्रिणीच्या एडिटरनेही अर्ध्या चित्रपटावर एका गाजलेल्या इंग्रजी चित्रपटाचं संगीत लावून ठेवलंय आणि ती आता म्हणते, "असंच काहीतरी, पण आपलं." मी तीन वेळा ऐकलं आणि आता माझ्या डोक्यात दुसरं काही येतच नाही. दुसरं, पैसे घालणाऱ्या बांधकामवाल्या काकांनी (मैत्रिणीचे काका वेगळे) एक पानी करार पाठवलाय. त्यात लिहिलंय की संगीताचे सर्व हक्क, सर्व माध्यमांत, जगभर आणि कायमचे, रॉयल्टीसकट त्यांना. रकमेची जागा मोकळी आहे. मैत्रीण म्हणते, हे सगळेच असंच लिहून घेतात, तू सही कर. करू?

काळी_चार

थांबा, सही नको.

काकांची चूक नाही, त्यांना कुणीतरी जुना नमुना दिलाय. १९७७ मध्ये सुप्रीम कोर्टाने असा निर्णय दिला होता की पैसे देऊन चित्रपटासाठी संगीत करवून घेतलं तर पहिला मालक निर्माता, वेगळा करार नसेल तर. तिथून पस्तीस वर्षं हे असे कागद फिरत राहिले. २०१२ च्या दुरुस्तीने चित्र बदललं. निर्माता तुमच्याकडून कॉपीराइट घेऊ शकतो, पण थिएटरमधलं प्रदर्शन सोडून बाकी वापरातून, म्हणजे टीव्ही, ओटीटी वगैरेंतून जी रॉयल्टी येईल तिच्यातला तुमचा निम्मा वाटा तुम्हाला सोडताच येत नाही. तुम्ही सही करून दिलं तरी ते कलम टिकत नाही. तो वाटा फक्त वारसांना किंवा कॉपीराइट सोसायटीला देता येतो. तेव्हा काकांना गोड शब्दांत सांगा, "रॉयल्टीसकट" हा शब्द काढा आणि त्या जागी "कायद्याप्रमाणे" लिहा. पटकन पटतं. कुणाला आपल्या कागदात बेकायदा वाक्य नको असतं. लातुरात ओळखीचा वकील असेल तर त्याच्या नजरेखालून घाला.

आयपीआरएस या कॉपीराइट सोसायटीचं सदस्यत्व घ्या. गीतकार-संगीतकारांची ती संस्था १९६९ पासून आहे. आणि चित्रपट पूर्ण झाल्यावर क्यू शीट बनवा : कुठला तुकडा किती मिनिटांनी सुरू होतो, किती सेकंद चालतो, रचना कुणाची. तुम्ही कॅशियर आहात, असले तक्ते तुम्ही झोपेत कराल. संगीतकारांना याचाच कंटाळा येतो आणि मग पैसे कुणाच्या नावावर टाकायचे ते कुणाला कळत नाही. फार मोठी रक्कम येईल असं समजू नका. पण मागे केलेल्या एका छोट्या चित्रपटाचे माझ्याकडे अधूनमधून जे येतात त्यात निदान दिवाळीचा फराळ होतो. हो, आणि फी देताना दहा टक्के टीडीएस कापला तर दचकू नका, पण त्याचं प्रमाणपत्र मागून घ्या. हे मी तुम्हाला सांगावं म्हणजे जरा अतीच झालं.

करारात आणखी एक ओळ घालून घ्या : चित्रपटात न वापरलेलं संगीत तुमचं. दीड तासासाठी तुम्ही जेवढं कराल त्यातलं बरंच टेबलावर राहणार आहे. ते काकांच्या कपाटात कशाला पडू द्यायचं?

आता ते इंग्रजी भूत. टेम्प संगीत, म्हणजे एडिटरने तात्पुरतं लावून ठेवलेलं, बदलायला गेलात तर हराल, कारण मैत्रीण ते महिनोन्महिने ऐकते आहे आणि तिला ते चित्रपटाचा भाग वाटायला लागलंय. तिला फोन करा आणि तुकड्या-तुकड्याने विचारा, इथे तुला त्यातलं नेमकं काय आवडतं? संथपणा? एकटेपणा? की फक्त ते ज्या क्षणी सुरू होतं तो क्षण? दहापैकी आठ वेळा उत्तर तिसरं असतं. एडिटरने ते संगीत ज्या फ्रेमवर सुरू केलंय ती जागा बरोबर असते, सूर कुठलेही चालतात. ती जागा लिहून ठेवा आणि संगीत फेकून द्या.

मग एडिटरकडून टेम्प काढलेली कॉपी मागवा, आणि पहिल्यांदा संपूर्ण चित्रपट आवाज बंद करून बघा. दुसऱ्यांदा फक्त लोकेशनचा आवाज, डोळे मिटून. वही घ्या. कुठे पाय वाजतात, कुठे मोटर चालू आहे, कुठे लाइट गेल्यावरची शांतता आहे, सगळं टिपा. औशाकडचं शूटिंग म्हणता, म्हणजे बोअरची मोटर कुठे ना कुठे असणारच. तिचाही एक सूर असतो, पेटीवर शोधून ठेवा, त्या सीनमध्ये त्याच सुरात आस लावलात तर मोटर तुमच्या वाद्यवृंदात सामील होते, बेसूर लावलात तर दीड तास टोचत राहते. डोक्यातलं इंग्रजी चौथ्या-पाचव्या दिवशी जातं. नाही गेलं तर मंडळात जाऊन काकडा ऐका.

यमन_कल्याण

मोटरचा सूर शोधणारे लोक बघून मी माझा आधीचा प्रतिसाद निम्मा मागे घेतो. उरलेला निम्मा ठेवतो : ताई, रोज अर्धा तास गळ्याने सूर लावा. कानाचं काम सोपं होतं.

पतसंस्थेतली_पेटी

मंडळी, हालहवाल. काकांनी "कायद्याप्रमाणे" लिहायला पाच मिनिटांत होकार दिला, वर म्हणाले, "आधी सांगितलं असतं तर टायपिंगचे पैसे वाचले असते." न वापरलेल्या संगीताच्या ओळीवर मात्र त्यांनी बरीच घासाघीस केली. त्यांना वाटतं, पैसे दिले म्हणजे सगळंच आलं, सिमेंटच्या उरलेल्या गोण्यासुद्धा. शेवटी चित्रपट प्रदर्शित झाल्यावर सहा महिन्यांनी ते माझं, असं ठरलं. फी कमी घेतली, रेकॉर्डिंगचा खर्च वेगळा. त्या खर्चात एक संबळवाले आणि एक बासरीवाले बसतात. सुंदरी बसते का बघते.

मैत्रिणीला तुकड्या-तुकड्याने विचारलं. तिच्याकडून आलेलं उत्तर जवळपास सगळीकडे "ते सुरू होतं तो क्षण" हेच. एका ठिकाणी मात्र ती म्हणाली, इथे मला ते संगीत आवडतच नाही, एडिटरने टाकलं म्हणून राहिलं. तिथे आता काहीच नसेल.

मोटर आहे. दोन सीनमध्ये. पेटीवर शोधली, पांढरी तीन आणि पांढरी चारच्या मध्ये कुठेतरी. मिक्सरचा_माणूस, मोटर लोड आल्यावर सूर बदलते, खाली उतरते. आसही तिच्याबरोबर उतरवू का, की तिथे संवादाखाली मोटरच कमी करता येते तुमच्याकडे?

मिक्सरचा_माणूस

कमी करता येते, पण संवाद त्याच माइकवर रेकॉर्ड झाला असेल तर मोटरबरोबर आवाजही पातळ होईल. आधी साउंड रेकॉर्डिस्टकडून त्या लोकेशनचा माणसांशिवायचा मोकळा आवाज मागवा, चांगल्या रेकॉर्डिस्टने मिनिटभर तरी घेतलेला असतो. तो मिळाला तर मोटर माझ्या हातात येते. नाही मिळाला तर आस उतरवा, पण मोटर उतरल्यानंतर किंचित उशिराने. एकदम उतरवलात तर लोकांना वाटेल मोटरही तुम्हीच वाजवलीत.